चिन्ह बदलायचं राहिलं

जगातली कुठलीही अडचण आधी ‘क्ष’ मानली की निम्मी सुटते, अशी ठाम श्रद्धा असलेला एकच माणूस मी आयुष्यात पाहिला, आणि माझे ग्रह असे की तो माझा सासरा निघाला. पाथर्डीच्या शाळेत त्यांनी जन्मभर बीजगणित शिकवलं आणि निवृत्त झाल्यावर तेच घरच्यांना शिकवायला घेतलं. मी त्यांना मामा म्हणतो. चष्मा हरवला तर मामा तो शोधत नसत. “समजा, चष्मा क्ष जागी हाय,” म्हणून घरापुढच्या ओट्यावर खडूनं मांडणी सुरू करत. मांडणी अर्ध्यावर येईतो सासूबाई, म्हणजे आमच्या मामी, रांजणाच्या झाकणावरचा चष्मा उचलून त्यांच्या नाकावर ठेवत. “उत्तर आलं, पण रीत न्हाई दाखवली,” असं म्हणून मामा त्यांचे मार्क कापत. फोनवर ‘किती वाजता पोचाल’ असं विचारलं तरी सरळ उत्तर मिळायचं नाही. आता वाजलेत त्याची दुप्पट करा, त्यातून अमुक वजा करा, की मी नगरच्या स्टँडवर. एकदा हा हिशेब नीट कागदावर करून मी स्टँडवर गेलो, कंटाळून परत आलो, तर मामा माझ्याच खुर्चीत बसून चहा पीत होते.

माझं आणि गणिताचं पहिल्यापासून वाकडं. दहावीत मी गणितात पास झालो तेव्हा पारनेरला आमच्या घरी पेढे आणण्याआधी वडील शाळेत जाऊन निकाल पुन्हा एकदा विचारून आले होते. मराठीचा मास्तर झालो तो भाषेच्या प्रेमापोटी, असं मी समारंभात सांगतो. खरं कारण हे.

अशा माणसाला मुलगी बघायला गेल्यावर घाम फुटावा तो मुलीला बघून. मला फुटला तो मामांना बघून. आमच्याकडं अशा वेळी प्रश्न मुलीला विचारतात. मामांनी माझ्यापुढं पाटी सरकवली आणि म्हणाले, “माझं वय पोरीच्या वयाच्या दुपटीहून आठानं जास्त हाय. मी अठ्ठावन्न. तर पोरगी केवढी?” मुलीचं वय तिच्या माहितीपत्रात लिहिलेलं होतं. तेवढं आठवलं असतं तरी भागलं असतं. पण मी बाणेदारपणे समीकरण मांडलं, आठ उचलून पलीकडं नेले, अठ्ठावन्नात मिळवले, निम्मे केले आणि खणखणीत आवाजात सांगितलं, “तेहेतीस.” पोह्यांची बशी घेऊन समोर उभी असलेली पंचवीस वर्षांची मुलगी माझ्याकडं बघतच राहिली. मग बशी खाली ठेवून आत पळाली, आणि आतून हसण्याचा आवाज बराच वेळ येत राहिला. मामांनी शांतपणे पाटी पुसली. “आठ पलीकडं नेलेत, पण चिन्ह बदलायचं राहिलं. बाजू बदलली की चिन्ह बदलतं. अधिकाचं उणं व्हतं.” लग्न कसं जमलं ते विचारू नका. एवढं हसवणारा माणूस पुन्हा मिळायचा नाही, असं बायकोचं म्हणणं आहे.

मागच्या वर्षी मामी गेल्या. नंतर एकदा मामा गॅस तसाच चालू ठेवून ओट्यावर येऊन बसले. शेजाऱ्यांना वास आला म्हणून निभावलं. त्यांना नगरला आमच्याकडं आणायचंच, असं बायकोनं ठरवलं, आणि तीन वेळा जाऊन रडून परत आली. चौथ्या वेळी मला पुढं केलं.

मामा ओट्यावरच होते. बॅग भरा म्हटल्यावर म्हणाले, “जावईबापू, इथं मी अधिक हाय. चार लोक मास्तर म्हणत्यात, गल्लीतली पोरं गणितं घिऊन येत्यात. तुमच्याकडं आलो म्हंजी बरोबरच्या चिन्हापलीकडं गेलो. तिथं मी उणा व्हईन.”

बायकोनं डोळ्यांना पदर लावला. मला काहीतरी बोलणं भाग होतं. म्हणालो, “मामा, मी चिन्ह चुकणारा माणूस. पण मामी गेल्यापासून तुम्ही धड जेवत नाही, झोपत नाही. कशाचे अधिक? तुम्ही इथं उणेच आहात. आता उणं पलीकडं नेलं की काय होतं, तेवढं सांगा.”

मामांनी ओट्यावर खडूनं उण्याची आडवी रेघ ओढली, तिच्यावर उभी रेघ मारली. मग हळूच म्हणाले, “अधिक व्हतं.” आणि खडू खाली ठेवत, “पयल्यांदा बरोबर सोडवलंत. पन ताळा कुठं केलाय?”

“ताळा नगरला करू,” मी म्हणालो. त्यांनी आत जाऊन बॅगेत आधी खडूंचा डबा भरला.

आता आमच्या गॅलरीतल्या फरशा खडूनं पांढऱ्या असतात. बिल्डिंगमधली पोरं संध्याकाळी येतात आणि मला बाहेर खुर्ची मिळत नाही. ताळा जुळतोय असं मी समजून चाललो होतो. परवा मामांचा चष्मा हरवला. त्यांनी खडू घेतला, “समजा,” म्हणाले, आणि तिथंच थांबले. फरशीवर पुढं काही लिहिलंच नाही. फ्रिजवरचा चष्मा उचलून मी त्यांच्या नाकावर ठेवला आणि मार्क कापायची वाट बघत उभा राहिलो. त्यांनी कापले नाहीत, नुसता माझा हात थोपटला. मला फार वाटलं, कापायला हवे होते.