मोकळे दिवस कंसात बसत नाहीत

पुण्याच्या प्रकाशकांचा फोन आला तेव्हा मी नाशिकला, अंबडमधल्या आमच्या कंपनीच्या कँटीनमध्ये जेवत होते. "कादंबरी आवडली," ते म्हणाले. माझा घास हातातच राहिला. "फक्त ती कालगणना काढून टाका. वाचक गोंधळतो. चैत्र-वैशाख घाला, नाहीतर सरळ जानेवारी-फेब्रुवारी."

मी "बघते" म्हणून फोन ठेवला. खरं तर बघण्यासारखं काही नव्हतं. ती कालगणना काढली तर मागे उरत होतं एका राणीचं भांडण, आणि तेही बेताचंच.

मी पंपांचे सुटे भाग तपासते. आमची पाळी आठवड्याला बदलते. रात्रपाळीत तारीख काम चालू असतानाच बदलायची. सकाळी घरी यायचे, तर शेजारच्या बाई अंघोळ करून नव्या दिवसाला लागलेल्या आणि माझा कालचा अजून संपायचाच. माझी वेळ भोंगा ठरवायचा. अशाच एका आठवड्यात मी दोन चंद्र असलेला देश लिहायला घेतला.

त्या देशात धाकटा चंद्र भरभर फिरतो, थोरला सावकाश. धाकट्याची एक फेरी म्हणजे एक फेर, थोरल्याची एक फेरी म्हणजे साल. दोघांचा मेळ बसत नाही. सालाच्या अखेरीला काही दिवस उरतात, कधी थोडे, कधी बरेच. ते कुठल्याच फेरात धरत नाहीत. त्यांना मोकळे दिवस म्हणतात. त्या दिवसांत कुणी कुणाला हुकूम करायचा नाही, आणि कुणाचं वय वाढत नाही. घड्याळ तिथे नाहीच. गावागावात एक सावलीवाली असते. ती चौकातल्या खांबाची सावली बघून हाळी देते, आणि तिने "सावली मोडली" म्हटलं की राजाच्या कोठारातलं कामसुद्धा थांबतं.

आई मूळची नामपूरची. चिडली की तिची अहिराणी बाहेर येते. मी हे सगळं तिला सांगितलं तेव्हा ती भाजी निवडत होती. "तुन्हा डोकामा काय भरेल शे?" ती म्हणाली. मग मराठीत, "तिथं वय वाढत नसेल. इथं वाढतंय. स्थळं कमी होत चाललीत." माझं लग्न झालेलं नव्हतं, आणि माझं वय आईला माझ्यापेक्षा नीट ठाऊक होतं. मी म्हटलं, "आई, तुझं मोजणं तू चालू ठेव. मी नाही मोजणार."

पहिली वाचक मिळाली ती कंपनीच्या बसमध्ये. माझ्या शेजारी बसणारी मैत्रीण माहेरची घोटीकडची, आता सिडकोत राहते. मी तिला पानं वाचून दाखवायचे. मोकळ्या दिवसांचं प्रकरण ऐकून तिने मला थांबवलं. "परत वाच." मी परत वाचलं. सोमवारी बसमध्ये चढली ती हसतच.

"काल मी घरी सांगितलं, आज मोकळा दिवस हाय. मला कोणी काय सांगायचं नाय."

"मग?"

"मग काय! सासूबाई म्हणाल्या, हा कुठला सण? नवऱ्याला वाटलं, मला बरं नाय. शेवटी त्यानंच खिचडी टाकली. लय खारट. पण मी बसून खाल्ली."

पुढच्या महिन्यात बसमधल्या आणखी दोघींनी आपापल्या घरी मोकळा दिवस पाळला. एकीच्या घरी मोठं भांडण झालं, तरी तिने पाळला.

त्यानंतर मी पुण्याला प्रकाशकांना भेटायला गेले. माणूस सज्जन. चहा मागवला. बाड समोर होतं, आणि पानापानावर त्यांनी पेन्सिलीने कंस काढून ठेवले होते.

"मोकळे दिवस म्हणजे आपला अधिक महिनाच ना?"

"नाही. अधिक महिन्यात जावयाला वाण द्यावं लागतं. मोकळ्या दिवसांत कुणाला काहीच द्यावं लागत नाही."

ते हसले. "बरं, निदान कंसात द्या. एक फेर म्हणजे आपले इतके दिवस. मराठी वाचकाला परक्या जगाची सवय नाही हो."

माझ्या डोळ्यांसमोर ती खारट खिचडी आली. मी म्हणाले, "माझ्या वाचकांनी एकदाही विचारलं नाही, फेर म्हणजे किती दिवस. त्यांनी दिवस पाळले."

"कोण वाचक?"

"आमच्या बसमधल्या बायका."

कंस राहणार असतील तरच छापू, एवढं त्यांनी स्पष्ट सांगितलं. मी बाड उचललं, पिशवीत घातलं, चहाबद्दल आभार मानले आणि नाशिकची एसटी धरली. सिन्नर येईपर्यंत पिशवी मांडीवर घट्ट धरून बसले होते. नकार द्यायची सवय नव्हती, एवढंच. पश्चात्ताप अजिबात नव्हता.

दोन वर्षं बाड तसंच पडून होतं. मग नाशिकमध्येच एका बाईंनी नवी प्रकाशनसंस्था काढली. त्यांनी वाचलं आणि पहिलाच प्रश्न केला, "सावलीवालीला सुट्टी कधी असते?" तेव्हाच मी हो म्हटलं. पुस्तक निघालं. कंस नाहीत, तक्ता नाही, तळटीप नाही.

फार खपलं नाही. प्रकाशनाला बसमधल्या सगळ्या आल्या, आईही आली. पुढच्या रांगेतले एक गृहस्थ उठले आणि म्हणाले, "बाई, पण एक फेर म्हणजे नक्की किती दिवस? आणि आपलं वय काय, म्हणजे हे लिहिताना?"

मी माईक जवळ घेतला. "दोन्ही सांगणार नाही," मी म्हणाले. "पुढचा प्रश्न."

मागून घोटीवालीने जोरात टाळी वाजवली. आई वाजवत नव्हती, पण त्या गृहस्थांकडे वळून ती अशी काही बघत होती, की ते मुकाट्याने खाली बसले.