बैलाच्या कष्टाबाहेरचं रान

माझ्या बोलण्यातले रुपयामागं बारा आणे गावानं आधीच वजा करून ठेवलेले असतात. तुम्हीही करा, माझी हरकत नाही. पण माझी आत्या भादव्यापासून माघापर्यंत बैलाच्या कष्टाचा एक दाणा न खाता जगली, ही गोष्ट उरलेल्या चार आण्यांतली आहे.

साखऱ्याच्या अलीकडं आमचं गाव. राज्य निजामाचं होतं आणि तिकडं दूर कुठंतरी साहेबाची लढाई चालू होती. आमची बैलजोडी अशी, की धाकट्याच्या सावलीत लग्नाची पंगत बसावी आणि थोरल्याच्या दोन शिंगांना दोन कंदील टांगले तर शिवेच्या दोन्ही बाजूंच्या गावांत उजेड पडावा. गोऱ्हे असतानाच एका साथीत दोघांच्याही आया गेल्या होत्या. आत्यानं शेळीच्या दुधात फडकं भिजवून त्यांच्या तोंडात धरलं, रात्ररात्र गोठ्यात निजून त्यांना जगवलं. ती माझ्या बाबांची थोरली बहीण. लग्नाच्या दुसऱ्याच साली कपाळ पुसून माहेरी आली ती कायमचीच. लेकरू नव्हतं. गोठ्याकडं बोट दाखवून म्हणायची, "हे काय, दोन हायेत की."

त्या साली पोळा झाला, आणि त्याच रात्री गोठ्यात थोरल्याला साप चावला. सकाळी त्याच्या शिंगांना बेगड तशीच होती. त्याला ओढ्याकाठी पुरून आम्ही परतलो, तेव्हा धाकटा त्याच्या रिकाम्या खुंट्याकडं तोंड करून उभा होता. त्यानं वैरणीला तोंड लावलं नाही. सरकीची ढेप ठेवली, हिरवं कडवळ ठेवलं, आत्यानं स्वतः चारा दाताखाली मऊ करून त्याच्या ओठांशी नेला. तो मान वळवायचा.

मग ऋषिपंचमी आली. आमच्याकडं त्या दिवशी बाया बैलाच्या कष्टाचं खात नाहीत. नांगरलेल्या रानातलं काही नाही, की घाण्याचं तेल नाही, कारण घाणाही बैलच ओढतो. आपोआप उगवलेलं, हातानं खुडलेलं तेवढंच पोटात जातं. सगळ्या बाया हे एक दिवस पाळतात आणि दुसऱ्या दिवशी भाकरीवर तुटून पडतात. आत्या दुसऱ्या दिवशी ताट उचलून गोठ्यात गेली, धाकट्यापुढं ठेवलं आणि म्हणाली, "तू खाशीन तवा मी तुझ्या कष्टाचं खाईन."

घरात कुणी फारसं मनावर घेतलं नाही. बैल आज ना उद्या खाईल असंच सगळ्यांना वाटत होतं. गौरी जेवल्या त्या दिवशी धाकटा खाली बसला, आणि तिसऱ्या प्रहरी गेला.

रडणं ओसरल्यावर घरातल्या प्रत्येकाच्या डोक्यात एकच गोष्ट शिरली. ज्याच्या खाण्यावर आत्याचं खाणं टांगलेलं, तो आता कधीच खाणार नव्हता.

बाबांनी गोरेगावच्या भटजींना विचारलं. ते भले गृहस्थ. म्हणाले, ब्राह्मणभोजन घाला, व्रत सुटेल. बाबांनी घरी येऊन मोठ्या आशेनं सांगितलं. आत्यानं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "भटजी जेवल्यानं माझ्या बैलाचं पोट कसं भरन, भाऊ?" बाबांनी हा प्रश्न भटजींकडं पोचवला. पुढं कधी त्यांनी आमच्या घराचा विषय काढला नाही.

तेव्हापासून आत्याचं पोट भरणं हे माझं आणि माझ्या बायकोचं काम झालं. आमचं लग्न त्याच उन्हाळ्यात झालेलं. नव्या जोडप्यानं रानात फिरावं ही गोष्ट गावाला एरवी खपली नसती. आत्याच्या नावाखाली खपली. आम्ही दोघं पहिल्याच दिवशी पाटीभर कुर्डूचा पाला घेऊन आलो. कोवळा, लुसलुशीत. माझी छाती एवढी फुगली होती की दारातून आडवा होऊन आत आलो.

"कुठून आणलं?" आत्यानं विचारलं.

"आपल्या ज्वारीतून."

"ज्वारी कुणी पेरली?"

पाटी शेळीला गेली. दुसऱ्या दिवशी आम्ही कुंपणावरची काटोली आणली. काटोलीचा वेल कुणी लावत नाही, त्याचा कांदा जमिनीत निजलेला असतो आणि पाऊस पडला की आपला आपण उठतो. यात बैलाचा संबंध काय? आत्यानं जागा विचारली. मी सांगितली. ती डोळे मिटून बसली, जशी काही सगळी शिवारं तिच्या पापणीच्या आत मांडलेली होती, आणि म्हणाली की त्या कुंपणाच्या जागी माझ्या आज्यानं एक साल नांगर घातला होता, मग दगड लागले म्हणून सोडून दिली. ती काटोलीही शेळीला गेली. त्या महिन्यात आमची शेळी इतकी माजली, की तिच्याकडं पाहून गावचा पाटील आधी रामराम घालायचा.

मग मात्र आत्या स्वतः काठी टेकत आमच्याबरोबर निघाली. माझं रानाशी खरं नातं तिथून सुरू झालं. तोवर मला रान म्हणजे पीक आणि पिकात नको असलेलं, एवढंच कळायचं. नको असलेल्याला आम्ही एकच नाव देत होतो, तण. आत्या एकेकाला नाव घेऊन हाक मारायची. ओढ्याच्या दरडीवर आंबुशी. बांधावरचा तरोटा आता जून झाला, त्याच्या शेंगा कार्तिकात भाजायला ठेवायच्या. उंबराची फळं फोडून आतल्या चिलटांना उडून जायला वेळ द्यायचा, मग खायची. तळ्याच्या काठी पाण्यात उभं असलेलं देवभात, म्हणजे आपोआप उगवणारं रानभात, दिसलं. ते लुगड्याच्या ओच्यात झटकून घ्यायचं, सगळं घ्यायचं नाही, कारण पाखरांचंही पोट आहे. एका घळीत लालपिवळ्या जाळासारखं फूल फुललं होतं. माझ्या बायकोनं केसात माळायला हात पुढं केला. आत्यानं काठीनं तिचा हात अडवला. "कळलावी हाये ती, सूनबाई. इख असतंय तिच्यात. हिला नुस्तं पाहायचं." आणि मग ती स्वतः बराच वेळ पाहत उभी राहिली. घाई असतानाही.

मिठाचा प्रश्न आलाच. मीठ बाजारातून येतं, आणि बाजारात बैलगाडीनं येतं. मी म्हणालो, हिंगोलीला मीठ आगगाडीनं येतं, आगगाडीला काय बैल जुंपलेत? आत्याला हे पटलं. पण हिंगोलीपासून इथपर्यंतचं काय? तेव्हा मी हिंगोलीला चालत गेलो आणि मीठ डोक्यावर घेऊन चालत आलो. येताना पावसाची सर लागली. मीठ विरघळून माझ्या मानेवरून इतकं वाहिलं, की महिनाभर माझी बायको भाजीत मीठ घालायची विसरली तर मला नुसतं भाजीवर वाकायला सांगायची. हे बारा आण्यांतलं आहे. पण चालत गेलो होतो.

चुलीतल्या गोवऱ्यांवरून बायांची पंचायत बसली. शेण हे बैलाचे कष्ट की नाहीत? निकाल असा लागला, की शेण कष्टात येत नाही, ते तर सुखात येतं. त्या दिवशी आत्या कितीतरी दिवसांनी हसली.

हसली, पण वाळत होती. दसरा झाला तोवर तिच्या हातातली चांदीची कडी कोपरापर्यंत सरकायला लागली. डोंगरावरची सीताफळं होती, पुढं बोरं आली, आवळे आले, शेळीचं दूध होतं. तरी पाल्यावर आणि फळांवर चालत्या माणसाचं अंग किती दिवस टिकणार? गोठ्यात नवी बैलजोडी आली होती. आत्या त्यांना न्हाऊ घालायची, वैरण टाकायची, त्यांच्या कपाळावर कपाळ टेकवायची. त्यांनी पिकवलेलं मात्र नको म्हणायची. बाबा रोज एकदा विनवायचे. मग विनवायचं सोडलं. मग तिच्यासमोर जेवायचं सोडलं. ताट घेऊन मागल्या दारी बसायचे आणि अर्धं कुत्र्याला घालायचे. एकदा मला म्हणाले, "माय गेली तवा मी रांगत होतो. हिनंच वाढवलं मला. आता माझ्या डोळ्यांपुढं ही उपाशी मरून राहिली, आन् माझी कणगी भरेल हाये."

दुसऱ्या दिवशी सकाळी बाबा कुदळ घेऊन निघाले.

बाबांच्या हाती कुदळ ही काय गोष्ट होती, ते आज सांगून कळायचं नाही. आमची जमीन चांगली होती, दारात गडी होते. चांगल्या शेतकऱ्यानं रब्बीच्या तोंडावर हातानं रान खांदायचं म्हणजे गावात आब राहत नाही. ओढ्याकाठी पळसांच्या मधे थोडी काळी माती होती. झाडांमुळं तिथं कधी नांगर फिरलाच नव्हता. बाबा तिथं खांदायला लागले. गडी मदतीला आला, त्याला हाकललं. मला मात्र घेतलं. ओढ्याच्या वाटेनं जाता जाता एकानं टोमणा मारलाच, "बैल मेले म्हून मालकच जुंपला की काय?" बाबांनी मान वर न करता म्हटलं, "तुझं गाढव मोकळं असंन तं दे." तो माणूस पुन्हा त्या वाटेनं आला नाही.

पळसाची मुळी म्हणजे दोरखंड. तिच्यावर कुदळ आपटली की दात हलायचे. खांदणं चालू असतानाच दुपारी आत्या काठी टेकत आली. आम्ही काय करतोय हे तिला कुणी सांगितलं नव्हतं, पण तिला कळलं होतं. ती पहिल्यांदा रागावली. ह्या जागी उन्हाळ्यातही ओल राहते, इथल्या ओलीवर काय काय उगवतं ते तिनं भराभरा सांगितलं, आणि पळसाच्या एका झाडालाही धक्का लावायचा नाही असं बजावलं. म्हणून तो तुकडा वाकडातिकडा झाला. झाडांना वळसे घालत जाणारा, नकाशात कुठल्याच पटवाऱ्याला मांडता न येणारा.

मग तिनं तो प्रश्न विचारला, ज्याची बाबांना धास्ती होती.

"बी कुठलं घालणार?"

बी तर घरचंच होतं. गेल्या सालची ज्वारी, त्याच मेलेल्या जोडीनं पिकवलेली. बाबा कुदळीवर हात ठेवून उभे राहिले. मला वाटलं, आता सगळं संपलं. रानात आपोआप उगवलेली ज्वारी मी कुठून आणणार?

"बी त्यांचंच हाये, अक्का," बाबा म्हणाले. "खोटं न्हाई सांगत."

आत्या खांदलेल्या ढेकळांवर बसली. एक ढेकूळ हातात घेऊन तिनं ते बोटांनी फोडलं, त्यातलं केनीचं मूळ बाजूला काढलं. ओढ्याच्या पलीकडं जिथं बैल पुरले होते तिकडं बघत राहिली.

"माय कोणीबी असू दे," शेवटी ती म्हणाली. "लेकरू ज्यानं वाढवलं त्याचं."

बाबांनी तोंड फिरवलं.

ज्वारी हातानं टोबली, एकेका खळगीत एकेक दाणा. आत्यानं तिथं पहारा बसवला तो माझाच. पाखरं हाकताना मी पाखरांशी वाटाघाटी करायचो, एका कणसावर तोडगा निघायचा. पौष कठीण गेला. आत्या अंथरुणाला लागली होती. बायको बोरकूट आणि दूध चमच्यानं भरवायची. आत्या मला विचारायची, कवठाला गर धरला का, पळसाला कळ्या आल्या का, आज रानात काय दिसलं. मी जे पाहिलं नाही तेही सांगायचो. ती ऐकून घ्यायची आणि मधेच म्हणायची, "ह्या दिसांत ते फुलत न्हाई. खरं काय पाहिलं ते सांग." मग मला दुसऱ्या दिवशी खरंच जाऊन पाहावं लागे. माझ्या उभ्या आयुष्यात खोटं बोलण्याची एवढी अडचण मला दुसऱ्या कुणी केली नाही.

माघात कणसं भरली. खळ्यात बैल फिरवायचा नव्हता म्हणून बाबांनी आणि मी काठ्यांनी कणसं बडवली. दाणे झाले ते एका टोपल्यात मावले. बायकोनं जात्यावर दळलं, पहिली भाकरी थापली, आणि आत्याला भिंतीला टेकवून बसवलं. भाकरीवर बिनतेलाची आंबुशीची चटणी होती.

बाबा दाराशी उभे होते. आत येईनात.

आत्यानं भाकरीचा तुकडा मोडला. नाकाशी नेला. मग तोंडात घातला आणि चावत राहिली, इतका वेळ की मला वाटलं ती गिळायचं विसरली. गिळला. दुसरा मोडला. भाकरी संपेपर्यंत घरात कुणी हललं नाही.

"पीठ जाड झालं, सूनबाई," ती म्हणाली. आणि मग बाबांकडं पाहून, "एवढ्यानं काय होतंय? पुढल्या साली पळसाच्या पल्याडबी खांद."

बाबांनी आपले तळवे पाहिले. सालटं निघून निघून ते खुरांसारखे झाले होते.

"तिथं मुळ्या लई हायेत, अक्का."

"मंग मुळ्या चुकवून खांद," आत्या म्हणाली, आणि दुसऱ्या भाकरीसाठी ताट पुढं केलं.