दत्ताच्या जागी मी लेक झाले

आमचा दत्ता जाऊन आज वर्ष झालं, आणि त्याचा गेम अजून अर्धाच आहे.

मी त्याची आई, सर्वण गावची. मला अक्षर येत नाही. मी सांगते, दत्ताची लेक सई मोबाईलवर लिहिते. मधेच काही गाळलं तर दोष तिचा.

टीव्हीवरच्या त्या गेममध्ये एक बाप आणि त्याची लहान लेक रान तुडवत घरी निघालेत. दोघांनी मिळून खेळायचा.
बाप पुढे, तलवार घेऊन. दिसेल त्याला कापतो.
लेकीला भूक लागली का, एवढंसुद्धा विचारत नाही.

दत्ताने बाप सईला दिला. स्वतः लेक झाला.

चाळिशीतला मिशीवाला बाप्या मुद्दाम खड्ड्यात पडायचा आणि ओरडायचा, "पपा, माका वाचव!"
बारा वर्षांची सई कपाळावर हात मारत मागे यायची.

मी म्हटलं, लाज वाटते का रे?

"आई, दिसभर मी तिका सांगतच असतंय. घटकाभर तिचा आयकतंय."

तो गेल्यावर सईने कंट्रोलरला हात लावला नाही. लेक कोण होणार, एवढंच म्हणायची.
मला साधा चॅनल बदलायला माणूस लागतो, म्हणून मीही पुढे झाले नाही.

आज वर्षश्राद्धाचं जेवण झालं, पाहुणे गेले. मी म्हटलं, आण तो कंट्रोलर. मी होते लेक.

चार वेळा नदीत पडले. चारही वेळा सईने बाहेर काढलं.

मग पूल आला. पुलावर एक भलामोठा उभा. खांद्यावर कांबळं, हातात दांडा.
सई म्हणाली, मार त्याला.

मी कंट्रोलर खाली ठेवून हात जोडले.
अगो, हा तर राखणदार देव! आमच्या शेताच्या बांधावर असतो तसाच. त्याला जाड भाकरीचा रोट द्यायचा, मारतात कोण?

तेवढ्यात त्याने आम्हा दोघींना नदीत भिरकावलं.

सई हसून जमिनीवर लोळली. त्या टीव्हीसमोर वर्षभरात पहिल्यांदा.
मग डोळे पुसून म्हणाली, "परत खेळूया. ह्या खेपेक तू माझ्या मागे राव."

राहिले.

दत्ता, पूल काही आमच्याच्याने झाला नाही. पण तुझी लेक दर चार पावलांनी थांबते, मागे वळून बघते. गेममधल्या बापाने तिला हे शिकवलेलं नाही.

सई विचारतेय, शेवटी भावपूर्ण श्रद्धांजली लिहू?

आईने लेकाला श्रद्धांजली काय वाहायची?
आशीर्वाद लिही.