कियोचं एक वाक्य

युद्ध संपलं त्या हिवाळ्यात कियो हातानाका क्योतोच्या एका स्टुडिओत लागली आणि अकरा वर्षं मोठ्या खोलीतच राहिली. मोठी खोली म्हणजे बिननावाच्या नट्यांची. साठ जणी, सहा आरसे. एकाच सिनेमात सकाळी मोलकरीण, दुपारी भिकारीण, संध्याकाळी मढं. तेच तोंड तीनदा दिसलं तर लोक हसतील, म्हणून तिथला पहिला धडा एकच: कॅमेरा आपल्याकडे वळला की आपण तोंड फिरवायचं. पोटासाठी तोंड लपवायचं, असला हा धंदा! कियो त्यात तरबेज झाली होती.

तिकडे गावी, मियाझूला, आई मासळी वाळवायची, तिचा प्रत्येक सिनेमा बघायची आणि शेजारणींचे टोमणे झेलायची. "तुमची कियो नटी ना? कुठल्या खांबामागे असते?" यंदा नववर्षाला आईनेच विचारलं, "खरं सांग पोरी, तू तिथे नक्की काय करतेस?"

ते कियोच्या डोक्यात वळवळत राहिलं. म्हणून एका सिनेमात मोलकरणीचं काम करताना पहिल्यांदाच एक वाक्य मिळालं तेव्हा आठवडाभर तिला झोप नाही. विहिरीपाशी उभं राहून धनिणीला सांगायचं, "ते आता परत येणार नाहीत." बस्स.

कॅमेरा सुरू झाला. कियोने वाक्य चोख म्हटलं. विहिरीत बघून.

"कट! विहिरीला सांगतेस काय?" दिग्दर्शक ओत्सुजी ओरडले.

दुसऱ्यांदाही मान आपोआप वळली. खोलीतल्या बाया बाहीआड हसल्या. फिल्म महाग, ओत्सुजींनी हात झटकला. "राहू दे, पाठमोरीच घेऊ. आवाज बरा आहे."

कियोचं माथं भडकलं. या माणसापुढे तिने आजवर 'हो'शिवाय शब्द काढला नव्हता. "अकरा वर्षं पाठच घेतलीत, साहेब. आज तोंड घ्या."

दिवेवाले खोकायचे थांबले.

"एकदाच," ओत्सुजी म्हणाले. "चुकलीस तर उद्यापासून येऊ नकोस."

कियो विहिरीच्या खांबाला टेकली. "मित्सुए, माझ्या केसांच्या टोपाचा अंबाडा या खिळ्याला बांध."

"वेडी झालीस? मान हलली तर टोप सगळ्यांसमोर लोंबकळेल!"

"म्हणूनच बांध. घट्ट."

मित्सुए आरशापाशी रोज तिच्याशी भांडायची. आता तिने निमूट गाठ मारली.

वाक्य आलं तशी मान वळायला बघू लागली. टोप खेचला गेला, कपाळाची कातडी ताणली, डोळ्यांत पाणी आलं. मान अर्ध्यात थांबली. कियो समोर बघून बोलली.

वसंतात मियाझूच्या थिएटरात ती आईशेजारी बसली. बसली कसली, सारखी चुळबुळत होती. दोनदा उठली, दोनदा आईने खाली ओढली. विहीर आली. पडद्यावर स्वतःचं एवढं मोठं तोंड दिसलं मात्र, कियोने झटकन मान फिरवली.

आईच्या खारट वासाच्या बोटांनी तिची हनुवटी पकडली.

"समोर बघ," आई म्हणाली. नजर मात्र तिने पडद्यावरून काढली नाही.