पांदणीची मोजणी

हे मी आजवर कोणालाही सांगितलेले नाही — बायकोलाही नाही. आमच्या गावात, आंजीत, मात्र सांगणारे पुष्कळ. नागपूरच्या उच्च न्यायालयातून मी याचिका का मागे घेतली? कोणी म्हणतो, पाटलांनी मला फोडले. साफ खोटे, मला फोडणारा अजून जन्मायचा आहे. माझा मुलगा म्हणतो, वकिलाने फसवले. तेही खोटे. वकील सरळ माणूस होता.

मग खरे काय?

आमच्या शेतांमधून बैलगाडीची एक वाट जात असे — पांदण. तिच्या तोंडाशी पाटलांनी काट्यांचे कुंपण घातले आणि तहसीलदारांनी ते राहू दिले. मला दुसरी वाट होती. माझ्या पलीकडच्या किसनाला नव्हती. तो नुकताच बौद्ध धम्माची दीक्षा घेऊन आलेला, पाटलांचा राग खरा त्याच्यावर. त्याच्यासाठी मी भांडलो. हो, मीच! दुसरा कोण उभा राहिला होता?

न्यायमूर्ती म्हणाले, वाट होती की नव्हती हे पुराव्याने ठरेल. दिवाणी न्यायालयात जा. दावा लावण्याची मुभा राखून वकिलाने याचिका मागे घेतली. यात गैर काहीच नव्हते. गैर पुढे घडले.

बाहेर व्हरांड्यात वकील सहज म्हणाले — आता कोर्ट कमिशनर नेमेल, तो सगळी पांदण मोजेल.

सगळी.

धुरा कोरणे म्हणजे काय, ठाऊक आहे? दरवर्षी नांगर बांधात थोडा आत घालायचा. कोणाला दिसत नाही. वडिलांनी कोरला, मीही कोरला. पांदण पाटलांनी बंद केली, हे खरेच. पण माझ्या शेतापाशी ती निम्मी — मी खाल्ली होती. ज्या गावात मी पाटलांना चोर म्हणत फिरलो, त्याच गावासमोर मोजणीची साखळी माझ्या तुरीत शिरणार होती.

मी दावा लावला नाही.

"भाऊ, माहे बैल इचारून राह्यले, दावा कवा लावता मनून," किसना हसत म्हणायचा.

"कागदं जमा करून राह्यलो, बाबू."

पुढे तो हसेनासा झाला. त्याची बायको कापसाचे गाठोडे डोक्यावर घेऊन लोकांच्या धुऱ्यांवरून, त्यांच्या शिव्या ऐकत चालायची. मग बैल गेले. मग शेत गेले — पाटलांकडेच.

हिंगणघाटला कापसाच्या जिनिंगमध्ये कामाला निघाला, त्या सकाळी तो माझ्या दारी आला. दीक्षेनंतर तो कोणाच्या पाया पडत नसे. माझ्या पडला.

"तुमी माह्यासाठी नागपूरपर्यंत गेलते, भाऊ. इसरनार नाई."

माझे दोन्ही हात मोकळे होते. मी त्याला उठवले नाही. त्याला पाया पडू दिले.