नकाशात नसलेल्या समुद्रावरचे धुके

माझ्यावर सर्वांत मोठे उपकार कोणाचे असे कोणी विचारले, तर मी बुऱ्हाणपूरच्या मराठी शाळेतल्या आमच्या चौथीच्या गुरुजींकडे बोट दाखवीन. आमच्या घरात सही करू शकणारा मी पहिला, आणि पदवी घेणाराही पहिला. हे त्यांच्यामुळे झाले. आणि त्यांचा वर्ग गेला तो माझ्यामुळे. ते आठवले की अजूनही माझे डोके तापते.

गुरुजींनी आमच्यासाठी एक समुद्र तयार केला होता. आमच्यापैकी कोणीच समुद्र पाहिलेला नव्हता. तापीला पूर आला की सर्वांत मोठे पाणी तेच, अशी आमची समजूत. गुरुजींच्या समुद्रावर दर नवव्या दिवशी दाट धुके उतरायचे. तिथले कोळी त्याला ‘आंधळी’ म्हणत. आंधळीत सापडलेली होडी परत येत नसे. या एका धुक्यावर गुरुजी आम्हांला भूगोल शिकवत, गणित घालत आणि निबंधही लिहून घेत.

“बेट चार दिवसांच्या वाटेवर,” फळ्यावर रेघ ओढत ते म्हणायचे. “तिथं दोन दिवस मासे धरायचे. आंधळी येऊन गेली, दुसऱ्या दिवशी सकाळी होडी सुटली. घरी नीट पोचेल का?”

आम्ही बोटांवर मोजायचो. एकदा मी जागेवरून ओरडलो, “गुरुजी, मासे न धरता उलट फिरले ना, तरी घराच्या दारात गाठते ती!”

“मग काय कोळ्यांनी उपाशी मरायचं?”

“नाही, बेटावरच थांबायचं. तिला येऊन जाऊ द्यायचं.”

“शाबास रे पठ्ठ्या!”

थंडीत एका सकाळी त्यांनी सगळा वर्ग राजघाटावर नेला. तापीवर धुके होते, पलीकडचा काठ दिसत नव्हता. त्यांनी आम्हांला गार पाटीवर तोंडाने वाफ सोडायला लावली. पाटी ओलसर झाली. हवेत पाणी असते आणि हवा गार झाली की त्याचे बारीक थेंब होतात, हे मला त्या पाटीने शिकवले. पुढे कॉलेजात हेच जाड इंग्रजी पुस्तकात आले तेव्हा मला नवे काही वाटले नाही.

माझी चूक झाली ती अशी. हा समुद्र आपण बनवलेला आहे, नकाशात शोधू नका, असे गुरुजींनी पहिल्याच दिवशी वर्गाला सांगितले होते. त्या दिवशी मी मावशीच्या लग्नाला फोपनारला गेलो होतो. नंतर मला कोणी सांगितले नाही आणि मलाही विचारावेसे वाटले नाही.

वार्षिक तपासणीला डिप्टीसाहेब आले. त्यांनी मला उभे केले. “समुद्रावर धुके का पडते?” मी सांगितले. हवा, पाणी, थेंब, सगळे बरोबर. साहेबांनी मान डोलावली.

“ठीक. कोणत्या समुद्रावर ते जहाजांना फार घातक असते?”

“आंधळीच्या समुद्रावर, साहेब. दर नवव्या दिवशी.”

“काय म्हणालास? नकाशावर दाखव पाहू.”

मी गेलो. टाचा उंच करून हिंदुस्थानच्या तिन्ही बाजूंचा समुद्र पाहिला, मग आफ्रिकेकडे वळलो. मागे मुले खुसखुसू लागली. साहेब पोट धरून हसले आणि मग एकदम हसायचे थांबले.

“हे कोणी शिकवलं?”

“मी,” गुरुजी म्हणाले. “समुद्र कल्पनेतला आहे साहेब. धुक्याचं कारण खरं आहे, गणितही खरं आहे.”

“सरकारी शाळेत पोरांना भाकडकथा शिकवता?”

साहेबांना हवे होते ते उत्तर पुस्तकात होते: न्यूफाउंडलंड. ते नाव आम्हांला पाठ होते. ते कोठे आहे, तिथे कोण राहते, त्यांची काय गत होते, हे एकालाही माहीत नव्हते. ज्या समुद्रातल्या माणसांसाठी आमचा जीव वर-खाली होत होता तो खोटा, आणि ज्याची नुसती सहा अक्षरे घोकली तो खरा! माझे कारण बरोबर होते, हे शेऱ्यात एका शब्दानेही आले नाही. ‘हा शिक्षक मुलांची दिशाभूल करतो’ एवढेच आले. महिन्याभरात गुरुजींचा वर्ग काढून घेतला आणि त्यांना हेडमास्तरांच्या खोलीत हजेरीपट उतरवायला बसवले.

गावही कमी नव्हते. बाजारातला एक किराणावाला त्यांना रोज हटकायचा, “क्यों गुरुजी, आज नववा दिवस ना? तापीत होडी सोडू की नको?” माणसे हसायची. गुरुजी पिशवी सावरून पुढे जायचे. ज्यांची पोरे त्यांनी हिशेबाला तयार केली तेच हसत होते. गुरुजी मला एकदाही रागावले नाहीत. उलट शाळा सुटल्यावर आपल्या ओसरीवर बसवून त्यांनी मला इंग्रजी शाळेच्या परीक्षेला तयार केले, अर्जही स्वतः लिहिला.

बी.ए.चा निकाल लागला त्याच दिवशी मी त्यांना नागपूरहून हे पत्र टाकले:

“पूज्य गुरुजी, पायांवर डोके ठेवतो. मी पास झालो.

आता माझे ऐका. चौथीचे हल्लीचे मास्तर चैत्रात पेन्शनीत निघणार, असे कळले. मी शिक्षणखात्याच्या साहेबांना अर्ज लिहिला आहे. वर्गात नकाशासमोर चुकलो तो मी, गुरुजींनी समुद्र कल्पनेतला असल्याचे आधीच सांगितले होते, सबब तो शेरा काढावा आणि वर्ग त्यांना परत द्यावा, असे त्यात आहे. खाली माझी सही आहे, पुढे बी.ए. लिहिले आहे. निदान ती दोन अक्षरे तरी ते वाचतील.

सोबत दुसरा कागद आहे, वर्ग परत मागणारा तुमच्या नावाचा अर्ज, त्यावर तुमची सही हवी. ‘जाऊ दे बाळ’ असे तुम्ही म्हणाल, मला ठाऊक आहे. मी जाऊ देणार नाही. तुम्ही अकरा वर्षे हजेरीपट उतरवलेत, आणि त्या अकरा वर्षांतल्या मुलांना पाटीवर वाफ सोडायला कोणी सांगितले नाही.

सही करून उलट टपाली पाठवा. आठवड्यात आली नाही, तर मी गाडीत बसून निघतो आणि सही होईपर्यंत तुमच्या ओसरीवरून उठत नाही.”