मुक्त पोहण्याची वेळ

यामना एकवीस वर्षं तलावाच्या कडेकडेनं चालली आणि एकदाही आत पडली नाही. हॉलंडातल्या आमच्या गावच्या पोहण्याच्या तलावावर ती सफाईला होती. दारं उघडायच्या आत फरशा पुसायच्या, केसांनी तुंबलेल्या जाळ्या मोकळ्या करायच्या, मग काचा, मग भिंतीवरचे फलक. फलक ती फार मन लावून पुसायची. वाचता येत नसल्यामुळे कुठलं अक्षर महत्त्वाचं आणि कुठलं बिनमहत्त्वाचं हे तिला ठरवता येत नव्हतं, म्हणून सगळीच सारखी चकचकीत ठेवायची.

तिचा नवरा शाइब चीजच्या गोदामात होता. तीस वर्षं त्यानं चीजच्या गोल ढेपा उलट्यासुलट्या केल्या. आतून पोकळ झालीय का ते बघायला बोटाच्या पेरानं ठोकून कान लावायचा. ती खोड निवृत्त झाल्यावरही गेली नाही. कलिंगड ठोकायचा, शेजाऱ्याचं दार ठोकायचा, एकदा जावयाचं डोकंही ठोकून बघितलं आणि ‘अजून थोडं मुरायला हवं’ असा अभिप्राय दिला. जावई हसला. शाइब हसला नव्हता.

दोघंही मोरोक्कोच्या उत्तरेकडच्या डोंगरातली. तिकडे नदी वर्षातून चार दिवस येते, आणि त्या चार दिवसांत तिच्यापासून लांब राहायचं, एवढंच त्यांचं पोहण्याचं शिक्षण. इकडे तर मागच्या पायरीलाच कालवा. उन्हाळ्यात त्याच्यावर हिरवं शेवाळ असं दाट धरतं, की पाणी कुठे आणि गवत कुठे ते बदकांनाही विचारावं लागेल.

त्यांची नात नुंजा तेव्हा चार वर्षांची होती. बुधवारी शाळा अर्धीच असते, म्हणून तिची आई हनान तिला दुपारी यामनाकडे सोडून कामाला जायची. अशाच एका बुधवारी यामना दोरीवर कपडे वाळत घालत होती. नुंजाला समोर छान हिरवळ दिसली आणि तिनं तिच्यावर पाय ठेवला.

यामना धावली, आणि काठावर येऊन उभी राहिली. पुढे काय करायचं ते तिला माहीत नव्हतं. तिनं आधी अल्लाचं नाव घेतलं, मग कॉरीचं.

कॉरी शेजारीण, एकोणसत्तर वर्षांची. बाजाराला निघाली होती. तिनं पिशवी खाली ठेवली, चष्मा पिशवीत ठेवला आणि कोटाबुटांसकट आत उतरली. नुंजाला वर दिलं, स्वतः वर आली, डोक्यावरचं शेवाळ काढलं.

“कोट धुवायला टाकायचाच होता,” ती म्हणाली, आणि कपडे बदलून बाजारात गेली.

संध्याकाळी हनाननं सगळं ऐकून घेतलं. ती ओरडली नाही, तेच वाईट झालं.

“आई, तुला पोहता येईपर्यंत नुंजा बुधवारी तुझ्याकडे नको.”

“मी अठ्ठावन्न वर्षांची आहे.”

“कॉरी एकोणसत्तरची आहे.”

पुढच्या बुधवारपासून नुंजा पाळणाघरात जाऊ लागली. यामना मात्र सवयीनं तिच्यासाठी मसूर शिजवत राहिली आणि ते शाइब खात राहिला. दोन महिन्यांत त्याला नवा पट्टा लागला.

तलावावर रविवारी सकाळी आठ ते नऊ बायकांची वेळ असे. पडदे खाली, पुरुष कर्मचारी बाहेर, शिकवायला मार्लूस. ही मार्लूस गावातल्या निम्म्या लोकांना बुडण्यापासून वाचवून बसलेली. उरलेले निम्मे तिच्या आईनं शिकवलेले. यामनानं पहिला महिना कठड्याच्या दांडीला धरून काढला.

“दांडी सोड, यामना.”

“सोडते.”

“तू सोडली नाहीस.”

“मनानं सोडलीय.”

त्या हिवाळ्यात ती मंगळवारी ग्रंथालयात वाचायला शिकायलाही जाऊ लागली. पोहता येत असल्याचा दाखला परीक्षा देऊन मिळतो; त्याच्या अर्जावर आपल्याच हातानं नाव लिहायचं, अंगठा किंवा नवरा लावायचा नाही, असं तिनं ठरवलं होतं. पहिल्या दाखल्याला बरंच काही लागतं: पोटावर पोहायचं, पाठीवर पोहायचं, पाण्याखाली ताणून बांधलेल्या ताडपत्रीच्या भोकातून पलीकडे निघायचं. मार्च संपेपर्यंत यामनाला सगळं येऊ लागलं. परीक्षा मे महिन्यात होती.

एप्रिलमध्ये एकाच आठवड्यात दोन पत्रं आली. पहिलं नगरपालिकेचं. ते कॉरीनं वाचून दाखवलं, कारण यामनाची मजल अजून छोट्या वाक्यांपर्यंतच होती. आपल्या गावात स्त्री-पुरुष एकत्र पोहतात, हेच आपलं स्वातंत्र्य. वेगळ्या वेळा त्यात बसत नाहीत, म्हणून रविवारची वेळ बंद. मुक्त पोहण्याच्या वेळेत सर्वांचं स्वागत आहे. दुसरं पत्र मशिदीच्या मंडळाचं, अरबीत. ते शाइबनं वाचलं. बायकांनी पोहायचं तर वेगळ्या वेळेतच, पुरुषांबरोबर नाही. दोन्ही पत्रांच्या शेवटी मनापासून शुभेच्छा होत्या.

“म्हणजे दोघांचं एकमत झालं,” यामना म्हणाली.

“बऱ्याच वर्षांनी,” शाइब म्हणाला.

“मी पोहायचं नाही यावर.”

शाइबनं टेबल ठोकून बघितलं. टेबल ठीक होतं.

सोमवारी ती नेहमीसारखी फलक पुसत होती. पुसता पुसता हात थांबला, कारण अक्षरं बोलू लागली होती. वर मोठ्या ठशात ‘मुक्त पोहण्याची वेळ’, आणि त्याखाली अकरा गोष्टींची मनाई. धावायचं नाही, चेंडू नाही, खायचं नाही, असं करत नवव्या ओळीत: कपडे नाहीत. बाह्या नाहीत, विजार नाही, डोक्याला रुमाल नाही. एकवीस वर्षं ही मनाई ती स्वतः घासूनपुसून ठेवत आली होती.

दाराच्या पलीकडे दुसरा फलक होता. तो परीक्षेचा. त्यावर लिहिलं होतं: निदान सदरा, विजार आणि बूट घालूनच यावे. माणूस कालव्यात पडतो तेव्हा कपड्यांसकट पडतो, म्हणून. यामनानं ओळीखाली बोट धरून ते दोनदा वाचलं आणि मार्लूसला हाक मारली.

“हा फलक म्हणतो, कपडे घालून आत जायचं नाही.”

“हो.”

“आणि तो म्हणतो, कपड्यांशिवाय आत जायचं नाही.”

“ती परीक्षा गं.”

“परीक्षा म्हणजे मुक्त पोहणं का?”

मार्लूसनं विचार केला. “नाही. परीक्षेत काहीच मुक्त नसतं.”

“मग मला चालेल.”

“अगं, पण पहिला टप्पाच फक्त कपड्यांत. मग कपडे काढतात आणि उरलेलं पोहण्याच्या पोशाखात करतात.”

“काढायचे, असं कुठे लिहिलंय?”

“लिहायला कशाला हवं? ओल्या बुटांनी शंभर मीटर कोण पोहेल?”

“कुठे लिहिलंय ते दाखव. आता मला वाचता येतं.”

मार्लूसनं नियमावली चाळली, मग दाखले देणाऱ्या वरच्या कार्यालयाला फोन केला. कार्यालयानं आठ दिवस घेतले. उत्तर आलं ते असं: कमीत कमी काय घालावं हे नियमात आहे, जास्तीत जास्त किती, हा प्रश्न आजवर कोणी विचारलेला नाही.

ही बातमी मशिदीत पोचायला दुपार लागली नाही. मंडळाचे अध्यक्ष हाजी अल्लाल घरी आले. चांगला माणूस, फक्त प्रत्येक गोष्टीला अध्यक्षासारखा सामोरा जाणारा.

“यामना, तिथे पुरुष असतील.”

“बाप असतील, हाजी. पोरांचे. हातात फुलं घेऊन.”

“ते बघतील.”

“काय बघतील? तोंड आणि हात. तुम्हाला आत्ता काय दिसतंय?”

हाजींनी चहाच्या पेल्यात बघितलं. “पण कपडे ओले होतील. अंगाला चिकटतील.”

“दोन सदरे घालीन.”

“हाजी,” शाइब म्हणाला, “गेल्या रमजानात तुम्हीच सांगितलंत, पोरांना पोहायला, बाण मारायला आणि घोड्यावर बसायला शिकवा. घोडा आमच्याकडे नाही. नुंजाला निदान पोहणारी आजी मिळू दे.”

“मी परवानगी देऊ शकत नाही.”

“मागितलेली नाही,” यामना शांतपणे म्हणाली. “अजून चहा घ्या.”

हाजींनी घेतला. परीक्षेच्या बुधवारी आपण बहुधा गावात नसू, असं जाताना सांगून गेले.

परीक्षेला सहा-सात वर्षांची एकतीस पोरं होती आणि यामना होती. अंगात दोन सदरे, विजार, डोक्याला घट्ट रुमाल, पायात शाइबचे गोदामातले कापडी बूट. तलावाचा व्यवस्थापक तिला बाजूला घेऊन हळूच म्हणाला, “यामना, मोकळेपणानं सांग. हे कपडे तुला कोणी घालायला लावले?”

“दुसऱ्या फलकानं,” ती म्हणाली.

प्रेक्षकांत तिसऱ्या रांगेत हाजी अल्लाल बसले होते. त्यांची नातही त्या एकतिसांत होती, हे ते सांगायचं विसरले होते. तोंड त्यांनी अर्धं घड्याळाकडे वळवलेलं होतं. हनान पहिल्या रांगेत, मांडीवर नुंजा, शेजारी शाइब.

पहिला टप्पा सगळ्यांनी कपड्यांत केला. मग पोरांनी ओले कपडे काढून ढीग घातला, आणि यामना तशीच उभी राहिली. पोटावरचे पन्नास मीटर तिनं कसेबसे काढले. पाठीवरच्या पन्नासात निम्मी पोरं तिच्या पुढे जाऊन, पलीकडे पोचून, टॉवेल गुंडाळून बसली. एकानं आईला विचारलं, “ही आजी परत येणार का?”

आली. राहिली ताडपत्री. यामनानं बुडी मारली आणि लगेच वर आली, कारण दोन्ही सदऱ्यांत हवा भरली होती. मार्लूसनं एक बोट वर केलं: अजून एकदाच. यामनानं पोटावरून, बाह्यांवरून हात फिरवून हवा दाबून बाहेर काढली, भाकरी थापावी तशी, आणि पुन्हा खाली गेली.

बराच वेळ कोणी वर आलं नाही. हनान उभी राहिली. हाजींनीही घड्याळाकडे बघणं सोडलं.

मग पाणी हललं, आणि आधी ताडपत्री वर आली. तिच्या मधोमध भोक होतं, त्या भोकातून यामनाचं डोकं बाहेर आलेलं, आणि बाकीची यामना ताडपत्रीत. सदऱ्याचं बटण कडेला अडकलं होतं, तर तिनं ओढताना चारही बंद तोडून आणले होते. त्या क्षणी ती कुठल्याही मशिदीच्या अपेक्षेहून जास्त झाकलेली होती.

परीक्षकांनी आपसात चर्चा केली. यामना भोकातून गेली की भोकच यामनाबरोबर आलं, असा मुद्दा होता. शेवटी डोकं पलीकडे निघालं म्हणजे झालं, असं ठरलं. ती उत्तीर्ण झाली.

हाजी अल्लाल खाली आले. नातीसाठी आणलेला फुलांचा गुच्छ त्यांच्याजवळ होता, त्यातलं एक फूल काढून त्यांनी शाइबच्या हातात दिलं. “हे तुझ्याकडून म्हणून दे,” एवढंच म्हणाले.

रविवारची वेळ बंदच राहिली. पण पुढच्या परीक्षेला सहा बायकांनी नावं दिली, आणि वरचं कार्यालय जास्तीत जास्त कपड्यांवर अजून विचार करतंय असं ऐकतो. फलक दोन्ही जागेवर आहेत. यामना दोन्ही पुसते.

परीक्षेच्या पुढच्या बुधवारी हनान दाराशी आली, नुंजाची पिशवी आत ठेवली आणि कामावर गेली. यामनानं नुंजाला मागच्या पायरीवर नेलं. कालवा हिरवागार होता.

“हे गवत नाही,” यामना म्हणाली.

“मला माहितीये. मीच पडले होते.” नुंजानं थोडा विचार केला. “आजी, आता पडले तर?”

“तर मी येते,” यामना म्हणाली, “पण थांब, आधी बूट घालते. दाखला मला बुटांसकटच मिळालाय.” आणि दाराआड ठेवलेले शाइबचे कापडी बूट काढून ती पायरीवर बसून नाड्या बांधू लागली.